‘हिज पीपल’ आणि लाउपहाइमचा कार्ल

चित्रपट मुके होते त्या काळातली ही गोष्ट. १९२५ साली अमेरिकेच्या युनिव्हर्सल कंपनीने ‘हिज पीपल’, म्हणजे ‘त्याची माणसे’, हा चित्रपट काढला. न्यूयॉर्कच्या गरीब वस्तीतील ज्यू कुटुंबाची ही कथा. बाप फेरीवाला, एक मुलगा वकील, दुसरा मुष्टियोद्धा. वकील मुलगा श्रीमंत घरी सोयरीक जमवताना आपण अनाथ असल्याचे सांगतो. बाप समोर येऊन उभा राहिला तरी त्याला ओळख देत नाही. बापाची भूमिका रुडॉल्फ शिल्डक्राउट यांनी केली. पूर्वी ते बर्लिनच्या रंगभूमीवर नावाजलेले नट होते.

कंपनीचे मालक कार्ल लेमले हेही मूळचे जर्मनीचे. १८६७ साली लाउपहाइम या लहान गावी ज्यू घरात त्यांचा जन्म झाला. सतराव्या वर्षी ते अमेरिकेस गेले आणि १९१२ साली त्यांनी युनिव्हर्सल कंपनी उभारली. पण आपल्या माणसांना ते विसरले नाहीत. पहिल्या महायुद्धानंतर त्यांनी गावातील गरिबांसाठी पैसे पाठवले. गावाने त्यांना सन्माननीय नागरिक केले, एका रस्त्याला त्यांचे नाव दिले. पुढे नाझी राजवटीत ते नाव काढून टाकले गेले.

त्या काळात ज्यूंना जर्मनीतून अमेरिकेत जायचे तर तिथल्या कोणीतरी त्यांच्या पोटापाण्याची लेखी हमी द्यावी लागे. १९३६ साली लेमले यांच्या हातून कंपनी गेली होती, वय सत्तरीला टेकले होते. तरी ते हमीपत्रांवर सह्या करत राहिले. एवढ्या हमीपत्रांविषयी अमेरिकन वकिलातीत शंका निघू लागल्या, तेव्हा १९३८ साली त्यांनी थेट परराष्ट्रमंत्री कॉर्डेल हल यांना पत्र लिहिले. त्याच वर्षी नोव्हेंबरात लाउपहाइमचे सिनेगॉग जाळले गेले. लेमले यांच्या हमीवर तीनशेहून अधिक माणसे वाचली, असे मानले जाते. २४ सप्टेंबर १९३९ रोजी, युद्ध पेटलेल्याच महिन्यात, ते निवर्तले.

अशा हमीचे मोल मुंबईलाही ठाऊक होते. १९३४ साली तिथे स्थापन झालेल्या ज्यूइश रिलीफ असोसिएशनने जर्मनीहून येणाऱ्या निर्वासितांची जबाबदारी पत्करली होती.

पडद्यावरचा मुलगा भर दिवाणखान्यात “हे माझे कोणी नाहीत” म्हणतो. लेमले यांनी पुन्हा पुन्हा कागदावर सही करून सांगितले, ही माणसे माझी आहेत.