‘आशियाई’ स्लॉ नेमका कुठला? एका वाडग्याने शिकवलेला प्रस्तावनेचा धडा



मागच्या लेखात आपण संशोधन साहित्याचा आढावा कसा घ्यायचा ते पाहिलं. आज एक कबुली देणार आहे, आणि तिच्याच निमित्ताने थोडा इतिहास सांगणार आहे.

माझ्या पीएचडीच्या आराखड्याचं सादरीकरण होतं. विषय तसा साधा: चिरलेल्या कोबीत आणि कच्च्या पपईत क जीवनसत्त्व किती तास टिकतं. अठ्ठावीस स्लाइड्स केल्या होत्या, त्यातल्या सत्तावीस प्रयोगाच्या. पहिल्या स्लाइडवर एकच वाक्य होतं: ‘फळं आणि कोबी यांचं हे पारंपरिक आशियाई सॅलड शतकानुशतकं खाल्लं जात आहे.’ समितीतल्या एका ज्येष्ठ मॅडमनी शांतपणे विचारलं, “यातलं आशियाई काय आहे? आणि शतकानुशतकं म्हणजे किती शतकं?”

मला उत्तर देता आलं नाही. ते वाक्य मी कुठून उचललं होतं, हेही आठवेना. ‘प्रस्तावना दुरुस्त करून पुन्हा सादर करा’ असा शेरा मिळाला आणि नोंदणी एक सत्र लांबली. सत्तावीस स्लाइड्सकडे कुणी पाहिलंच नाही.

त्या रविवारी हॉस्टेलची मेस बंद होती. मी तेच सॅलड करायला घेतलं. एका परदेशी पाककृतीत त्याचं नाव ‘एशियन स्लॉ’ असं होतं. साहित्य: कोबी, कच्ची पपई, एक सफरचंद, हिरवी मिरची, भाजलेले शेंगदाणे, लिंबू, तीळ, सोया सॉस, मीठ आणि थोडा गूळ. ठरवलं की प्रत्येक वस्तू वाडग्यात टाकण्याआधी तिला मॅडमचा प्रश्न विचारायचा: तू कुठली आणि कधीपासूनची?

आधी नाव: ‘स्लॉ’

‘कोलस्लॉ’ हा शब्द डच भाषेतून आला. ‘कोल’ म्हणजे कोबी आणि ‘स्ला’ म्हणजे सॅलडचं बोलीतलं छोटं रूप. पुढे इंग्रजी बोलणाऱ्यांना पहिला भाग ‘कोल्ड’ वाटला आणि काही जण त्याला ‘थंड स्लॉ’च म्हणू लागले.

याचा एक छान लेखी पुरावा आहे. लिनिअसचा शिष्य असलेला स्वीडिश वनस्पतिशास्त्रज्ञ पेहर काल्म १७४९ मध्ये न्यूयॉर्क वसाहतीतल्या ऑल्बनी गावात राहत होता. इंग्रजांनी डचांकडून ती वसाहत १६६४ मध्येच घेतली होती, पण ऑल्बनीच्या घराघरात डच भाषा आणि डच स्वयंपाक टिकून होता. काल्मने नोंदवलंय की घरमालकिणीने कोबीची आतली पानं लांब, पातळ चिरली, त्यावर तेल, व्हिनेगर, मीठ आणि मिरपूड घालून नीट कालवलं. त्याने असं सॅलड आधी कधी खाल्लं नव्हतं आणि त्याला ते आवडलं. पट्ट्या किती रुंद होत्या, हेही त्याने लिहून ठेवलं. वनस्पतिशास्त्रज्ञ तो, मोजमाप सुटणार कसं!

म्हणजे ‘एशियन स्लॉ’ या नावातला अर्धा भाग डच निघाला.

मग कोबी

आपण बाजारातून आणतो तो गोल, घट्ट कोबी ब्रासिका ओलेरासिया या जातीचा. त्याचं मूळ युरोपात. मराठीतला ‘कोबी’ हा शब्दही पोर्तुगीज ‘कोव्ह’शी जोडला जातो. चीन-कोरियातला लांबट, फिकट, मऊ पानांचा कोबी मात्र ब्रासिका रापा या वेगळ्याच जातीचा आहे. नावाने दोन्ही कोबीच, पण एकाच्या पेशीत गुणसूत्रांच्या ९ जोड्या आणि दुसऱ्याच्या १०.

हे नातं ज्याने उलगडलं त्या माणसाची गोष्ट संशोधन करणाऱ्या प्रत्येकाला माहीत असायला हवी. वू जांग-चुन. वडील कोरियन, आई जपानी, शिक्षण आणि नोकरी जपानमध्ये. १९३५ मध्ये त्यांनी दाखवून दिलं की ब्रासिकाच्या तीन मूळ जातींच्या आपसातल्या संकरातून आणखी तीन जाती तयार झाल्या. आज आपण त्याला ‘यू त्रिकोण’ म्हणतो, कारण जपानी कागदपत्रांत त्यांचं आडनाव ‘यू’ असं होतं. आपल्या फोडणीतली ब्रासिका जुन्सिया ही मोहरी याच त्रिकोणाची एक बाजू आहे: ब्रासिका रापा आणि काळी मोहरी यांचा संकर. १९५० मध्ये वू कोरियात गेले आणि १९५९ मध्ये मृत्यू होईपर्यंत तिथल्या कोबी-मुळ्याच्या बियाण्यावर काम करत राहिले. एकाच माणसाची दोन नावं आणि दोन देश. म्हणूनच म्हणते, नावावरून मूळ ठरवायला जाऊ नका.

पपई, मिरची आणि शेंगदाणे

आता गंमत बघा. वाडग्यातल्या ज्या तीन गोष्टींमुळे हे सॅलड मला ‘आशियाई’ वाटत होतं, त्या तिन्ही अमेरिका खंडातल्या आहेत.

पपई मध्य अमेरिकेतली. तिच्या प्रवासाचा साक्षीदार आपल्या शेजारीच, गोव्यात बसला होता. यान हाउखेन फान लिन्सखोटेन हा डच तरुण १५८३ मध्ये गोव्यात आला आणि तिथल्या आर्चबिशपकडे चिटणीस म्हणून सुमारे पाच वर्षं राहिला. १५९६ च्या त्याच्या पुस्तकात पपईची नोंद आहे: हे फळ स्पॅनिश अमेरिकेतून फिलिपाइन्सकडून मलाक्क्याला आणि तिथून हिंदुस्थानात आलं. म्हणजे पश्चिमेचं फळ आपल्याकडे पूर्वेच्या दारातून आलं!

शेंगदाणा दक्षिण अमेरिकेतला. मिरचीही अमेरिकेतलीच. ती पोर्तुगीज व्यापारासोबत सोळाव्या शतकात आशियात पसरली. याचा पुरावा तर आपल्या तोंडातच आहे. ‘मिरची’ हा शब्द ‘मिरी’वरून आला, आणि मिरी म्हणजे संस्कृतातलं मरीच. तिखट नवीन होतं, म्हणून त्याला जुन्या तिखटाचं नाव मिळालं. थाई भाषेतही हेच झालं, फक्त उलट्या बाजूने. तिथे ‘फ्रिक’ म्हणजे आज मिरची, आणि काळ्या मिरीला म्हणतात ‘फ्रिक थाई’, म्हणजे थाई फ्रिक. पाहुणी घरात इतकी रुळली की घरच्याच मिरीला ‘आपली’ असं विशेषण लावावं लागलं.

थायलंड-लाओसमधलं कच्च्या पपईचं प्रसिद्ध सॅलड घ्या. थाईत त्याला ‘सोम ताम’ म्हणतात: ‘सोम’ म्हणजे आंबट, ‘ताम’ म्हणजे कुटणे. पपई, मिरची, टोमॅटो, शेंगदाणे हे चारही अमेरिकेतले, आणि बाजूला खायला बहुतेक वेळा कच्च्या कोबीचा तुकडा. तेव्हा या रूपातलं सोम ताम सोळाव्या शतकाच्या आधीचं असूच शकत नाही. माझ्या ‘शतकानुशतकं’ या शब्दाला इथे पहिल्यांदा एक मर्यादा मिळाली.

छापलेली चूक

मिरचीचीच आणखी एक गोष्ट. निकोलाउस फॉन याकिन या वनस्पतिशास्त्रज्ञाने १७७६ मध्ये मिरचीच्या एका जातीला नाव दिलं ‘कॅप्सिकम चायनेन्स’, म्हणजे चिनी मिरची. ती चीनमधून आली असा त्याचा समज होता. प्रत्यक्षात ती दक्षिण अमेरिकेतली. गंमत म्हणजे याकिन स्वतः काही वर्षं वेस्ट इंडीजमध्ये वनस्पती गोळा करत फिरला होता.

मग नाव बदललं का? नाही. वनस्पतींच्या नामकरणाच्या नियमांप्रमाणे नियमानुसार छापलेलं नाव केवळ अर्थाने चुकीचं आहे म्हणून रद्द होत नाही. अडीचशे वर्षं होत आली, आजही प्रत्येक शोधनिबंधात ती ‘चिनी’च आहे. प्रस्तावनेत एखादं वाक्य नुसतं टाकून देताना मला आता ही मिरची आठवते.

मग आशियाचं काय उरलं?

बरंच उरलं. तीळ भारतीय उपखंडातला. हडप्पाच्या उत्खननात जळालेले तीळ सापडले आहेत. लिंबूवर्गाचं मूळ हिमालयाच्या आग्नेय पायथ्याच्या प्रदेशात मानलं जातं. सोयाबीन चीनकडचं. आणि सफरचंद, जे मला सगळ्यात ‘विलायती’ वाटलं होतं, ते मध्य आशियातलं निघालं. पिकांच्या मूळस्थानांचा अभ्यास करणारे रशियन शास्त्रज्ञ निकोलाय वाव्हिलोव्ह १९२९ मध्ये आजच्या कझाकस्तानातल्या अल्माटीजवळ गेले, तेव्हा तिथल्या डोंगरांवर त्यांना रानटी सफरचंदांची जंगलं दिसली.

आणि उरली कृती. आंबट, खारट, गोड, तिखट यांचा तोल साधत कच्चं फळ कालवायचं, ही पद्धत कुठल्याही एका भाजीची मिंधी नाही. आपली कोशिंबीर दुसरं काय करते? कोबीची पचडी घ्या. युरोपातला कोबी, अमेरिकेतल्या मिरच्या आणि दाण्याचं कूट, वरून आपलं लिंबू आणि मोहरीची फोडणी. आजीला विचाराल तर ती पचडी अस्सल घरचीच आहे, आणि आजीचं बरोबरच आहे. फक्त ती कृतीबद्दल बोलते आणि मी पुराव्याशिवाय साहित्याबद्दल बोलत होते.

राहिलं ‘एशियन’ हे लेबल. ते अमेरिकन मेन्यूकार्डावर वाढलं. ज्या देशाने १८८२ मध्ये कायदा करून चिनी मजुरांना दारं बंद केली, तो कायदा १९४३ मध्ये मागे घेतला आणि १९६५ च्या कायद्यानंतरच आशियातून मोठ्या संख्येने लोक येऊ दिले, तिथे सोया सॉस आणि तिळाचं तेल घातलेलं कुठलंही सॅलड ‘एशियन’ झालं. बॉनी त्सुई यांनी २०१७ मध्ये न्यूयॉर्क टाइम्समधल्या लेखात हाच प्रश्न विचारला होता, की हे ‘एशियन सॅलड’ अजून मेन्यूवर का आहे. एवढ्या मोठ्या खंडाला एका वाडग्यात कोंबणारा शब्द मी शोधप्रबंधात जशाच्या तसा उचलला होता.

तुमच्यासाठी काय?

तुमच्या प्रस्तावनेत ‘पारंपरिक’, ‘प्राचीन’, ‘स्थानिक’ असा शब्द आला की थांबा आणि तीन प्रश्न वेगवेगळे विचारा. वस्तू कुठली? कृती कुठली? नाव कुठलं? तिन्हींची उत्तरं सहसा वेगळी येतात आणि प्रत्येकाला वेगळा पुरावा लागतो: वस्तूसाठी वनस्पतिशास्त्र आणि उत्खनन, नावासाठी भाषा, कृतीसाठी काल्मसारख्या कुणाची तरी रोजनिशी. कृतीचा पुरावा सगळ्यात दुर्मिळ, कारण रोजचा स्वयंपाक कुणी लिहून ठेवत नाही. ज्याला तो नवीन असतो, तोच लिहितो.

माझं नवं वाक्य असं झालं: ‘कच्ची पपई आणि कोबी ही सोळाव्या शतकानंतरच्या व्यापाराने आशियात एकत्र आलेली पिकं असून, ती कच्ची कालवून खाण्याच्या पद्धती या प्रदेशात आढळतात.’ वाक्य रुक्ष आहे, मान्य. पण त्यातल्या प्रत्येक शब्दामागे मी उभी राहू शकते. दुसऱ्या सादरीकरणात मॅडमनी ते वाचलं, मान हलवली आणि म्हणाल्या, “पुढची स्लाइड.”

आणि हो, स्लॉ करणार असाल तर चिरलेल्या कोबीला मीठ चोळून पंधरा मिनिटं ठेवा आणि पाणी पिळून काढा, म्हणजे शेवटी वाडग्याच्या तळाशी तळं होत नाही. शेंगदाणे अगदी वाढताना घाला. त्या रविवारी मी आधीच घातले होते, ते सगळे मऊ पडले. तरीही वाडगं चाटूनपुसून संपवलं.