बेने इस्राएल : पेण-रोह्यापासून जेरुसलेमपर्यंत मान्यतेचा लढा

बेने इस्राएल हा कोकणातील मराठीभाषक ज्यू समाज. त्याची जुनी वस्ती रायगड (पूर्वीचा कुलाबा) जिल्ह्यातील अलिबाग, पेण, रोहे, मुरूड, पनवेल या भागांत व पुढे मुंबईत होती. आज या समाजातील बहुसंख्य लोक इस्रायलमध्ये राहतात. आपण ज्यू आहोत हे या समाजाला दोन शतकांत पुन्हा पुन्हा सिद्ध करावे लागले, आणि तेही बहुतेक वेळा स्वधर्मीयांपुढे. येथे मुख्यतः त्याच इतिहासाचा विचार केला आहे.

समाजाच्या परंपरेनुसार त्यांच्या पूर्वजांचे गलबत अलिबागजवळ नवगावच्या किनाऱ्यावर फुटले. सात पुरुष व सात स्त्रिया वाचल्या. बुडालेल्यांना नवगावातच पुरले. वाचलेल्यांचे वंशज आसपासच्या गावांत पांगले आणि तेल गाळण्याच्या धंद्यात शिरले. शनिवारी घाणा बंद ठेवतात म्हणून गावकरी त्यांना शनिवार तेली म्हणत. आडनावे गावांवरून पडली : पेणकर, रोहेकर, अष्टमकर, वाकरुळकर, दिवेकर, नवगावकर, किहीमकर. या आगमनाचा लेखी पुरावा नाही. शतकानुशतके टिकले ते आचार : आठव्या दिवशी सुंता, शनिवारची विश्रांती, ‘शेमा’ ही एकच हिब्रू प्रार्थना आणि खाण्यापिण्याचे निर्बंध.

दाविद रहाबी या बाहेरून आलेल्या ज्यू गृहस्थाने त्यांना ओळखल्याची कथा घरोघर सांगितली जाते. त्याच्या काळाबद्दल अभ्यासकांत मतभेद आहेत. कथा अशी, की त्याने बायकांपुढे निरनिराळे मासे ठेवून रांधायला सांगितले. त्यांनी पंख व खवले असलेले मासे तेवढे घेतले, बाकीचे बाजूला सारले. असले मासे आमच्यात खात नाहीत, एवढेच कारण दिले. तोरा हा ज्यूंचा धर्मग्रंथ त्यांनी पाहिलेला नव्हता, पण त्यातला हा नियम त्यांच्या चुलीपाशी शाबूत होता. रहाबीने त्यावर त्यांना आपले मानले. पुढच्या परीक्षकांनी मात्र चुलीकडे पाहिले नाही. त्यांनी कागद मागितले.

अठराव्या शतकापासून अनेक कुटुंबे ईस्ट इंडिया कंपनीच्या पलटणीत व मुंबईच्या गोदी-कारखान्यांत गेली. सामाजी हसाजी दिवेकर यांनी १७९६ मध्ये मुंबईत पहिले सिनेगॉग बांधले. कोचीनचे शिक्षक आणि जॉन विल्सन यांच्यासारखे मिशनरी यांच्यामुळे हिब्रूचे शिक्षण वाढले. कोकणातही प्रार्थनास्थळे उभी राहिली. पेणचे बेथ हा-एलोहीम सिनेगॉग १८६३ चे. वल्हांडण सणाची हिब्रू-मराठी पोथी १८७४ मध्ये पुण्यात छापली गेली, तिच्या चित्रांत बेखमीर भाकरी करणाऱ्या बायका लुगड्यात आहेत. बायबलमधील आख्याने मराठी कीर्तनाच्या रीतीने लावण्याची प्रथा १८८० च्या सुमारास सुरू झाली. तिच्या प्रवर्तकांत बेंजामिन शिमशोन अष्टमकर हे नाव येते; हे आडनाव रोह्याला जोडून असलेल्या अष्टमीचे. हाइम सॅम्युएल किहीमकर यांनी १८९७ मध्ये समाजाचा इतिहास लिहून पुरा केला. तो ग्रंथ छापला गेला १९३७ मध्ये, तेल अवीवला.

पहिला ठळक नकार मुंबईतच मिळाला. इराककडून आलेल्या बगदादी ज्यूंनी १८३६ मध्ये सरकारकडे अर्ज केला, की दफनभूमीत आपल्या व बेने इस्राएलांच्या कबरींमध्ये भिंत घालावी. पुढे बगदादी सिनेगॉगमध्ये धार्मिक मान देण्यावरून कटुता राहिली. रंगूनमध्येही सिनेगॉगच्या विश्वस्त निवडीच्या हक्काचा असाच वाद १९३० च्या दशकात उच्च न्यायालयात गेला व निकाल बेने इस्राएलांच्या बाजूने लागला. समाजाच्या आतही ‘गोरे’ आणि ‘काळे’ इस्राएल असा भेद होता. मिश्र विवाहातून आलेल्यांना काळे म्हणत व त्यांच्याशी बेटीव्यवहार टाळत. ज्या शंकेचा जाच पुढे सर्वांना झाला, ती समाजाने आपल्यातल्याच काही घरांवर आधी लादली होती. हा भाग वगळून या लढ्याचा इतिहास लिहिणे अप्रामाणिकपणाचे ठरेल.

इस्रायलची स्थापना १९४८ ची. ज्यूंना तेथे येऊन नागरिकत्व मिळवण्याचा हक्क देणारा कायदा १९५० चा. बेने इस्राएल तेथे गेले ते कोणी हुसकावले म्हणून नव्हे. भारतात ज्यूद्वेष त्यांनी अनुभवला नव्हता, त्यामुळे तेथे रंगावरून मिळालेली वागणूक त्यांना फार लागली. वाळवंटी वसाहतींतली कष्टाची कामे आणि भारतीयांच्या वाट्याला काळा पाव येतो, ही तक्रार त्या काळच्या आठवणींत वारंवार येते. नोव्हेंबर १९५१ मध्ये बेरशेबाकडच्या कुटुंबांनी तेल अवीवला ज्यू एजन्सी या स्थलांतरितांची व्यवस्था पाहणाऱ्या संस्थेच्या कचेरीपुढे ठिय्या दिला. मागणी एकच : आम्हाला भारतात परत पाठवा. उपोषणेही झाली. १९५२ मध्ये एका गटाला विमानाने मुंबईला आणण्यात आले. त्यांतले बरेच जण पुढे पुन्हा इस्रायलला गेले.

दुसरा लढा अधिक खोलवरचा होता. इस्रायलमध्ये १९५३ च्या कायद्याने ज्यूंचे विवाह व घटस्फोट रब्बींच्या, म्हणजे ज्यू धर्मगुरूंच्या, न्यायालयांकडे सोपवलेले आहेत. नोंदणी पद्धतीचा विवाह तेथे नाही. स्थानिक रब्बीने नाही म्हटले की लग्न अडले. काही रब्बींनी बेने इस्राएल वधू-वरांची इतर ज्यूंशी लग्ने लावण्यास नकार दिला. त्यांचे म्हणणे असे, की कोकणात घटस्फोटाचे धर्मपत्र किंवा निपुत्रिक विधवेला दिराने मोकळे करण्याचा विधी ठाऊक नव्हता. तेव्हा कोणाच्या तरी पणजीचा पुनर्विवाह धर्माने अमान्य ठरू शकतो, आणि अशा विवाहातील संततीच्या वंशजांना इतर ज्यूंशी लग्न निषिद्ध होते. याला उत्तरही त्याच जगण्यात होते. कोकणातल्या रीतीत हे लोक घटस्फोट क्वचितच घेत आणि विधवांचे पुनर्विवाह फारसे करत नसत, म्हणजे दोषाची शक्यताच मुळात कमी होती.

ऑक्टोबर १९६१ मध्ये मुख्य रब्बीमंडळाने अशा विवाहांना मनाई करण्यास आधार नाही असे ठरवले. पण फेब्रुवारी १९६२ मध्ये मुख्य रब्बी यित्झाक निस्सीम यांच्या काळात निघालेल्या सूचनांनी ते निम्मे काढून घेतले : बेने इस्राएल अर्जदाराच्या आईची वंशावळ शक्य तितकी मागे जाऊन तपासावी, घराण्यात परधर्मीय संबंध वा घटस्फोट झाला का ते पाहावे. रोह्याच्या एखाद्या वाडीत तेल गाळणाऱ्या आजीच्या आईचा दाखला कोठून आणायचा? जन्ममृत्यूची नोंद नसलेल्या काळातील माणसांची कागदपत्रे मागणे म्हणजे नकाराचीच सभ्य तऱ्हा होती.

समाजाने कृतिसमिती नेमली. निदर्शने झाली, १९६४ च्या उन्हाळ्यात कुटुंबेच्या कुटुंबे जेरुसलेमला येऊन धरणे धरून बसली. मुंबईतील समाजानेही निषेध केला. बेने इस्राएलांना नवा हक्क नको होता. सूचनांतून आपले नाव काढा, तपासणी करायची तर सर्वांची सारख्या नियमाने करा, असा त्यांचा आग्रह होता. १७ ऑगस्ट १९६४ रोजी इस्रायलच्या संसदेच्या, म्हणजे क्नेसेटच्या, खास बैठकीत पंतप्रधान लेवी एश्कोल यांच्या सरकारने जाहीर केले, की बेने इस्राएल सर्वार्थाने ज्यू आहेत व विवाहादी बाबींतही त्यांचे हक्क समान आहेत. त्याच महिन्याच्या अखेरीस रब्बीमंडळाने सूचना बदलल्या व समाजाच्या नावाऐवजी ‘ज्यांच्याबद्दल शंका असेल असे कोणीही’ असा सर्वसाधारण उल्लेख केला. नाव गेले, तरी शंका घेण्याचा अधिकार रब्बींकडेच राहिला. १९९७ मध्येही पेताह तिक्वा येथे बेने इस्राएल वधू-वरांच्या नोंदणीस नकार दिल्याने वाद उसळला. गेल्या काही दशकांत जनुकीय अभ्यासांत पश्चिम आशियाई ज्यू व स्थानिक भारतीय अशा दोन्ही वंशांचे दुवे आढळले आहेत. समाजात त्याचे स्वागत झाले. १९६४ चा विजय मात्र प्रयोगशाळेच्या दाखल्यावर नव्हे, रस्त्यावर बसून मिळवलेला आहे.

आज इस्रायलमध्ये दिमोना, अश्दोद, लोद, बेरशेबा येथे या समाजाच्या मोठ्या वस्त्या आहेत. ‘मायबोली’ हे मराठी नियतकालिक इस्रायलमधूनच निघत आले. नवस फेडताना पोहे, किसलेले खोबरे, साखर, वेलची व फळे यांचा मलिदा एलियाहू हनावीच्या (प्रेषित एलियाच्या) नावाने आजही मांडतात. रायगडात त्याचे मुख्य स्थान अलिबागजवळचे खंडाळे.

भारतात संख्या घटत गेली. २०११ च्या जनगणनेत देशभरात ४,६५० ज्यू नोंदले गेले. निम्म्याहून अधिक महाराष्ट्रात. जून २०१६ मध्ये महाराष्ट्र शासनाने ज्यूंना अल्पसंख्याक समाजाचा दर्जा दिला. त्याआधी सरकारी अर्जांवर धर्माच्या रकान्यात बहुधा ‘इतर’ यावरच भागवावे लागे. आता शिक्षणसंस्था चालवणे, शिष्यवृत्ती व विवाहनोंदणी यांसाठी या समाजाला राज्याच्या दप्तरात स्वतःचे नाव मिळाले आहे.