अभिलेखीय चित्रफीत आणि इतिहासाचा पुरावा : ‘राजा हरिश्चंद्र’च्या संदर्भात

दादासाहेब फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये प्रदर्शित झाला. माहितीपटांत व दूरचित्रवाणीवर त्यातील म्हणून काही दृश्ये दाखविली जातात. मात्र पुण्यात १९६४ मध्ये स्थापन झालेल्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाने जतन केलेली रिळे, अनेक अभ्यासकांच्या मते, फाळके यांनीच १९१७ मध्ये पुन्हा चित्रित केलेल्या आवृत्तीची आहेत. कथा व दिग्दर्शक एकच असल्याने हा फरक प्रेक्षकांच्या लक्षात येत नाही. परिणामी, मधल्या चार वर्षांत फाळके यांनी मिळविलेले कौशल्य त्यांच्या पहिल्याच प्रयत्नाच्या नावे जमा होण्याचा धोका संभवतो.

सारांश, जुने दृश्य हे केवळ सजावट नसून दस्तऐवज आहे. लिखित साधनाप्रमाणेच त्याचे वर्ष व मूळ प्रत तपासणे आणि शंका असल्यास ती पडद्यावर नोंदविणे, हे निर्मात्याचे व इतिहास-अध्यापकाचेही कर्तव्य ठरते.