तेल महागलं की पाटी उतरते : इराणच्या नियोजन संघटनेची वाटचाल

१९७९ साली इराणमध्ये शाह गेला, दरबार गेला, खासगी बँका आणि मोठे कारखाने सरकारजमा झाले. शाहच्या काळातली एक कचेरी मात्र जागच्या जागी राहिली, कारण अंदाजपत्रक क्रांतिकारकांनाही लागतंच. ही कचेरी म्हणजे ‘साझमान-ए-बर्नामे’, इराणची नियोजन संघटना.

तिची सुरुवात १९४९च्या पहिल्या सातवर्षीय योजनेपासून. तेलाचा पैसा रोजच्या सरकारी खर्चात जिरून जाऊ नये, धरणं, रस्ते, बंदरं यांवर लागावा, म्हणून हा वेगळा संसार थाटला. पण १९५१ साली पंतप्रधान मोसद्देक यांनी तेलाचं राष्ट्रीयीकरण केलं, ब्रिटिशांनी इराणी तेलाची नाकेबंदी केली आणि योजनेचा झराच आटला. संस्थेला बाळसं आणलं ते १९५४ नंतर अबोलहसन एब्तेहाज यांनी. हा गृहस्थ मूळचा बँकर. हिशेबाला पक्का आणि तोंडाचा फटकळ. अमेरिकेतल्या टेनेसी खोऱ्याच्या विकासाचे सूत्रधार डेव्हिड लिलिएंथाल यांना त्यांनी खुझेस्तानात आणलं. त्यातून दहा-वीस नव्हे, २०३ मीटर उंचीचं देझ धरण उभं राहिलं. ते १९६३ साली पुरं झालं, तेव्हा एब्तेहाज खुर्चीवर नव्हते. एका खत कारखान्याच्या कंत्राटावरून मंत्रिमंडळाशी त्यांचं वाजलं होतं. १९५९ मध्ये पंतप्रधानांनी संसदेच्या मंजुरीने संस्थेचे अधिकार स्वतःकडे घेतले आणि एब्तेहाज यांनी राजीनामा दिला. १९६१ साली तर त्यांची रवानगी तुरुंगात झाली, काही महिन्यांसाठी.

नकार देणं हेच ज्याचं काम, त्याच्या वाट्याला हे यायचंच. पण या संस्थेच्या इतिहासात व्यक्तींच्या भांडणांपेक्षा बॅरलचा भाव जास्त बोलतो. तेल स्वस्त झालं की राज्यकर्त्यांना नियोजनकारांची आठवण होते. महागलं की हेच लोक डोळ्यांत खुपू लागतात.

१९७३-७४ मध्ये तेलाचा भाव जवळपास चौपट झाला. ऑगस्ट १९७४ मध्ये पाचव्या योजनेची फेररचना करायला सगळे कॅस्पियन समुद्राकाठच्या रामसरला जमले. (पाणथळ जागांच्या करारामुळे आणि लोणार, नांदूर मधमेश्वरमुळे आपल्याला माहीत झालेलं रामसर ते हेच.) इतका पैसा पचवायला देशात बंदरं नाहीत, रस्ते नाहीत, हाताशी कसबी माणसं नाहीत, असं संस्थेतले लोक सांगत होते. शाहला ते ऐकायचं नव्हतं. योजनेचा आकडा सुमारे ३६ अब्ज डॉलरवरून ६९ अब्जांवर नेला गेला. मग व्हायचं ते झालं. खुर्रमशहर बंदराबाहेर शेकडो जहाजं महिनोन्‌महिने नांगर टाकून उभी राहिली. आत मालाला जागा नव्हती आणि उतरवलेला माल न्यायला ट्रकवर चालक नव्हते. जहाज अडकवल्याचा दंड डॉलरमध्ये भरावा लागत होता. शहरांत घरभाडी भडकली, खेड्यांतून लोंढे आले. पुढच्या असंतोषाचा बराचसा दारूगोळा इथे साठला, असं मला वाटतं. धर्माच्या नावाची ठिणगी नंतरची.

क्रांतीनंतरचे पहिले प्रमुख अली अकबर मोईनफर हे याच संस्थेत काम केलेले भूकंप-अभियंते. काही महिन्यांतच ते तेलमंत्री झाले आणि त्यांच्या जागी एझ्झतोल्ला सहाबी आले. माणसं जाणती होती, पण अवतीभवती नवी सत्ताकेंद्रं उगवत होती. शाहच्या घराण्याची मालमत्ता मुस्तझफान प्रतिष्ठानाकडे गेली आणि ते उत्तर देणार फक्त सर्वोच्च नेत्याला. खेड्यापाड्यांतली कामं ‘जिहाद-ए-साझंदगी’ (पुनर्बांधणीचा जिहाद) या नव्या संघटनेने उचलली. अर्थव्यवस्थेचा एवढा मोठा तुकडा नजरेआड असताना योजना आखायची कशाच्या भरवशावर? १९८३ साली संसदेपुढे गेलेली पंचवार्षिक योजना बारगळली. शिवाय इराकशी युद्ध सुरू होतंच. जहाजांच्या रांगा लागायच्या ते खुर्रमशहर इराकने घेतलं आणि १९८२ मध्ये इराणने ते परत मिळवलं, तोवर शहर ढिगाऱ्यात गेलं होतं.

१९८६ मध्ये तेल दहा डॉलरच्याही खाली घसरलं आणि आकडेवाल्यांचे दिवस पुन्हा आले. मसूद रोघानी झंजानी तेव्हा या कचेरीचे, म्हणजे नियोजन आणि अंदाजपत्रक खात्याचे, मंत्री होते. जुलै १९८८ मध्ये युद्धबंदी का स्वीकारली, हे सांगणारं सर्वोच्च नेते खोमेनी यांचं पत्र २००६ साली उजेडात आलं. सेनापतींनी मागितलेल्या शस्त्रांच्या यादीबरोबरच अर्थ आणि अंदाजपत्रक खात्यांच्या मंत्र्यांचा हवाला त्यात आहे : तिजोरी शून्याच्याही खाली गेली आहे. या कचेरीचा नकार इतक्या वरपर्यंत पोहोचल्याचं दुसरं उदाहरण मला तरी ठाऊक नाही.

पुढे राष्ट्राध्यक्ष रफसंजानींच्या काळात १९८९ची पंचवार्षिक योजना आली, पाठोपाठ परदेशी कर्जाचा बोजा आणि १९९५ मध्ये पन्नास टक्क्यांच्या घरातली महागाई. १९९८ची तेलाच्या भावातली मंदी सोसल्यावर २००० साली चढ्या भावाचा जादा पैसा बाजूला ठेवणारा स्थिरीकरण निधी निघाला. शहाणपणाची गोष्ट होती. पण २००५ मध्ये तेलाचा पैसा थेट लोकांच्या दस्तरखानावर नेण्याची भाषा करत अहमदीनेजाद राष्ट्राध्यक्षपदी निवडून आले. आधी प्रांतांतली कार्यालयं गव्हर्नरांकडे गेली. जून २००७ मध्ये ५७ अर्थतज्ज्ञांनी धोरणांवर टीका करणारं पत्र लिहिलं आणि जुलैमध्ये संघटनाच मोडीत निघाली. पुढच्याच वर्षी तेल १४० डॉलरच्या वर गेलं. तोवर खर्चाला कात्री लावणारं कुणी उरलं नव्हतं आणि निधीही रिता होत गेला.

२०१४च्या उत्तरार्धात तेल गडगडलं आणि नोव्हेंबरमध्ये राष्ट्राध्यक्ष रूहानींच्या सरकारने संघटना पुन्हा उभी केली. योगायोग असा, की धनंजयराव गाडगीळ एकेकाळी ज्याचे उपाध्यक्ष होते, तो आपला नियोजन आयोग गुंडाळायची घोषणा त्याच वर्षी ऑगस्टमध्ये लाल किल्ल्यावरून झाली होती.

२०१८ मध्ये अमेरिकेचे निर्बंध परतले आणि तेलाची निर्यात कोसळली. १५ नोव्हेंबर २०१९ला रातोरात पेट्रोल महागलं : ठरलेल्या कोट्यापुरतं लिटरमागे १,०००चे १,५०० तोमान, त्यापुढे ३,०००. यातून येणारा पैसा सहा कोटी लोकांच्या खात्यांत रोख जमा होईल, असं संघटनेचे प्रमुख मोहम्मद बाघेर नोबख्त यांनी टीव्हीवर जाहीर केलं. दरवाढ ठरली होती ती राष्ट्राध्यक्ष, सभापती आणि न्यायपालिकाप्रमुख या तिघांच्या परिषदेत, संसदेला वगळून. लोक रस्त्यावर उतरले, शेकडो मारले गेले आणि इंटरनेट जवळपास आठवडाभर बंद होतं.