कुलगुरू झालेले पाद्री

आपल्या तीर्थपुरीच्या बाजूचे जालने आणि तेथील बेथेल वस्ती आपणांस ठाऊक असेल. ती वसविणारे रेव्हरंड नारायण शेषाद्री ज्या मुंबईच्या शाळेतून आले, ती डॉ. जॉन विल्सन यांची.

हे स्कॉटिश मिशनरी 1829 साली आले, कोकणात राहून मराठी शिकले आणि 1832 साली त्यांनी शाळा काढली. 1839 साली तेथील दोन पारशी मुलांनी बाप्तिस्मा घेतला. शहर खवळले, पालकांनी मुले काढून नेली. 1843 साली नारायण ख्रिस्ती झाले. धाकट्या श्रीपतीला कोर्टाने घरी पाठविले. त्याला प्रायश्चित्त देऊन जातीत घ्यावे म्हणून झटणाऱ्या बाळशास्त्री जांभेकरांवर उलट सनातनीच रुष्ट झाले!

पालकांचा राग आम्हांला समजतो. शिकायला धाडलेला मुलगा घराला पारखा व्हावा, हे दुःख लहान नव्हे. विल्सनसाहेबांनी मात्र आपला हेतू कधी लपविला नाही. शिवाय माणूस विद्येचा खरा व्यासंगी. गिरनारच्या अशोकलेखाची नक्कल प्रिन्सेपकडे गेली ती त्यांच्याकडूनच. 1868 साली ते मुंबई विद्यापीठाचे कुलगुरू झाले. नेमणूक सरकारी होती खरी, पण शहराने ती मानली.

1875 साली ते मुंबईतच वारले. मुले काढून नेली होती त्या शाळेचेच पुढे विल्सन कॉलेज झाले.