बर्गी, शिवाजी आणि सखाराम देऊस्कर

कलकत्त्यातील एस्प्लनेड हे नाव मुळात दुर्गरचनेतले. 1758 मध्ये नव्या फोर्ट विल्यमची उभारणी सुरू झाली आणि तोफांच्या माऱ्याआड काही येऊ नये म्हणून सभोवतीची भूमी मोकळी करण्यात आली. त्याआधी सोळा वर्षे, 1742 मध्ये, याच नगराने मराठ्यांच्या भयाने स्वतःभोवती खंदक खणावयास घेतला होता. खंदक पुढे बुजला. भय मात्र अंगाईगीतांत उरले. ‘बर्गी’ म्हणजे आपला बारगीर. त्याच्या नावाने बंगाली माता मुलांना निजवीत आल्या. पाळण्यातच ज्यांच्या कानी हे नाव पडले, त्यांना शिवाजी आपला कसा वाटावा?

तो आपला वाटावा म्हणून ज्यांनी लेखणी झिजविली, ते सखाराम गणेश देऊस्कर (1869–1912) देवघरजवळील करौं गावचे. पाचव्या वर्षी मातृछत्र हरपल्यावर त्यांना वाढविले ते मराठी वाङ्मयाशी उत्तम परिचय असलेल्या आत्याने. घराबाहेर मात्र सारे वातावरण बंगाली. शाळेत मायकेल मधुसूदनांचे चरित्रकार योगींद्रनाथ बसू शिक्षक, आणि गावात वृद्ध राजनारायण बसूंचा वास. त्यांना नुसते ‘बंगालमधील मराठी लेखक’ म्हणून मोकळे होणे हा आळस होय. घराने त्यांना विषय दिला, गावाने वाणी दिली. आणि श्रोत्यांच्या मनातील बर्गीही त्यांना ठाऊक होता. पुण्याहून आलेल्या प्रचारकापाशी हे शेवटचे ज्ञान कोठून असणार? 1902 मध्ये कलकत्त्यात शिवाजी-उत्सव सुरू करण्यात त्यांचा पुढाकार होता. 1904 मधील त्यांच्या ‘शिवाजीर दीक्षा’ या पुस्तिकेला रवींद्रनाथांची ‘शिवाजी-उत्सव’ ही कविता लाभली.

तथापि बालपणावर सगळाच भार टाकता येत नाही. त्याच वर्षीच्या ‘देशेर कथा’मधील आर्थिक शोषणाची मांडणी दादाभाई, डिग्बी, रमेशचंद्र दत्त यांच्या अभ्यासातून आली, आत्याच्या कथांतून नव्हे. एस्प्लनेडच्या कडेला गव्हर्नमेंट हाऊसमध्ये कर्झन राहत होता. 1905 मध्ये फाळणी झाली आणि या ग्रंथाने स्वदेशीच्या चळवळीला आकडे पुरविले. 1910 मध्ये सरकारने तो जप्त केला.

1907 च्या सुरत काँग्रेसनंतर ‘हितवादी’च्या चालकांनी टिळकांविरुद्ध लिहिण्याचा आग्रह धरला, तेव्हा देऊस्करांनी संपादकपद सोडले. पुढे राष्ट्रीय शिक्षण परिषदेत ते अध्यापक झाले. त्यांचे विषय दोन : भारताचा इतिहास आणि बंगाली भाषा.