मूठभर माती

आपल्या भाषेंत 'मूठमाती देणें' हे शब्द अखेरच्या निरोपाचे. घरांत ते सहसा कोणी उच्चारीत नाहीं. ऑस्ट्रेलियाच्या आदिवासींच्या इतिहासांत मात्र मूठभर मातीनें दोन वेळां निराळेंच काम केलें आहे, आणि त्या दोन प्रसंगांत एकशेंचाळीस वर्षांचें अंतर आहे.

पहिला प्रसंग जून १८३५ मधील. आज जेथें मेलबर्न शहर उभें आहे तेथें जॉन बॅटमन नांवाचा गृहस्थ मेंढ्यांसाठीं कुरण शोधीत आला. कुलिन लोकांच्या आठ वडीलधाऱ्यांशीं त्यानें करार केला. कांबळीं, कुऱ्हाडी, सुऱ्या, कात्र्या, आरसे, थोडें पीठ आणि दरसाल अशाच कांहीं वस्तु देण्याचें वचन, एवढ्या मोबदल्यांत त्यानें सुमारें सहा लक्ष एकर जमीन आपली म्हटली! ताबा दिल्याची खूण म्हणून त्या वडीलधाऱ्यांनीं त्याच्या हातांत माती ठेविली, असें त्यानें आपल्या रोजनिशींत नमूद केलें आहे. आपल्याकडे इनाम देतांना हातावर उदक सोडीत, तशीच ही जुनी इंग्रजी रीत. परंतु पाहुण्यास आपल्या मुलखांत कांहीं काळ राहूं देण्याचा विधि कुलिन लोकांचाहि होता, व त्यांच्या दृष्टीनें हा तोच असावा, असें कांहीं इतिहासकार मानतात.

सौदा लुबाडणुकीचा होता, यांत शंका नाहीं. तरी त्यांत एक गोष्ट गृहीत धरलेली होती: या जमिनीला धनी आहेत. सरकारला नेमकें तेंच मानवलें नाहीं. त्याच वर्षीं ऑगस्टमध्यें गव्हर्नर बर्क यानें जाहीरनामा काढून करार रद्द केला. जमीन ब्रिटिश राजसत्तेची. तेव्हां आदिवासींना ती विकण्याचा अधिकारच नाहीं! बॅटमन अतिक्रमण करणारा ठरला, आणि कुलिन लोक तर हिशेबांतहि उरले नाहींत.

दुसरा प्रसंग तेथून फार दूर, उत्तरेस, नॉर्दर्न टेरिटरींतील वेव्ह हिल येथला. गुरिंजी लोकांच्या या मुलखांत १८८३ मध्यें गोऱ्यांचीं गुरें आलीं. १९१४ सालीं तो वेस्टी या ब्रिटिश मांसव्यापारी कंपनीच्या हातीं गेला. गुरें राखीत ते गुरिंजीच. मिळे तें पीठ, खारविलेलें मांस, चहा, साखर, तंबाखू आणि नांवापुरता पैसा. मार्च १९६६ मध्यें लवादानें त्यांना गोऱ्यांइतकेंच वेतन द्यावें असा निर्णय दिला, पण अंमल मात्र डिसेंबर १९६८ पर्यंत लांबणीवर टाकला. २३ ऑगस्ट १९६६ रोजीं व्हिन्सेंट लिंगिआरी हा आपल्या सुमारें दोनशें माणसांसह, बायकामुलें घेऊन, काम सोडून चालता झाला.

बाहेरच्यांना हा मजुरीचा संप वाटला. परंतु पुढील वर्षीं वॅटी क्रीकच्या कांठीं तळ देऊन या लोकांनीं गव्हर्नर-जनरलकडे अर्ज केला तो आपल्या पूर्वजांच्या पांचशें चौरस मैल भूमीसाठीं! मजुरीची घासाघीस करतां येते. येथें धनी कोण हाच प्रश्न उभा राहिला. अर्ज फेटाळला गेला. लोक हलले नाहींत.

१६ ऑगस्ट १९७५ रोजीं पंतप्रधान गॉफ व्हिटलम तेथें आले आणि लिंगिआरीच्या ओंजळींत त्यांनीं माती ओतली. बॅटमनची हकीकत ठाऊक असलेले सरकारी सल्लागार एच. सी. कूम्ब्स यांनीं ही कल्पना सुचविली असें सांगतात. माती आतां उलट हातांतून जावी, हा हेतु. मर्व्हिन बिशप या आदिवासी छायाचित्रकारानें टिपलेलें तें चित्र प्रसिद्ध आहे. मूळ विधि सावलींत झाल्यामुळें त्यानें तो उन्हांत पुन्हा करविला होता.

ही भूमि तुमची व तुमच्या मुलांची सदैव राहील, असें पंतप्रधान म्हणाले. कागदावर मात्र सुमारें साडेबाराशें चौरस मैलांचा भाडेपट्टाच होता. धन्यालाच कूळ करून घेतलें, असें कोणी म्हटल्यास मी त्यास दोष देणार नाहीं. पण पुढच्याच वर्षीं, १९७६ सालीं, नॉर्दर्न टेरिटरीसाठीं आदिवासी भूमिहक्काचा कायदा झाला, व १९८६ मध्यें गुरिंजींना त्या जमिनीची अविक्रेय मालकी मिळाली. तें पाहून १९८८ च्या जानेवारींत लिंगिआरी वारला. बर्कच्या जाहीरनाम्यामागील समजूतच खोटी, असें ऑस्ट्रेलियाच्या उच्चतम न्यायालयानें माबो खटल्यांत म्हटलें तें १९९२ मध्यें. वेव्ह हिलच्या कुरणांवरील त्यांचा परंपरागत हक्क न्यायालयानें मान्य केला सप्टेंबर २०२० मध्यें. कुरणाचा पट्टा मात्र तसाच कायम ठेवून.